जर्सीवरची हळद

आयर्लंडमधल्या पोर्टलीश गावात कपड्याला भोक पडलं की लोक पद्मजाकडे येतात. नवरा पियूष मेडिकल डिव्हाइसच्या प्लांटमध्ये इंजिनियर. त्याच्या पाठोपाठ ती नागपूरहून आली, घरी बसून कंटाळली, आणि आईकडून शिकलेला रफू इथे कामी आला. हात असा, की भोक कुठे होतं ते घालणाऱ्यालाही सापडू नये. स्वभाव मात्र उलटा. बारीकशी चूक झाली तरी ती जगाला दिसणारच, असं धरून चालणारा.

त्या मार्चमध्ये गावातल्या जुन्या कॉलेजने तिच्याकडे एक जर्सी पाठवली. १९१२ साली कॉलेजच्या गेलिक फुटबॉल टीमने सायकली हाणत गावोगावी जाऊन, पावसाचिखलात लोळून, सगळा सीझन जिंकला होता, थेट कपापर्यंत. त्या टीमची एवढी एकच जर्सी उरलेली, पांढरी, हिरव्या कॉलरची. नोरा डिलेनी या अठ्ठ्याऐंशी वर्षांच्या बाईंनी वडिलांची आठवण म्हणून ती जन्मभर जपलेली. शनिवारी प्रदर्शन होतं आणि त्याआधी कसरीने खाल्लेली कॉलर सांधायची होती.

रफू झकास जमला, आणि मग करायला गेलो गणपती, झाला मारुती अशी गत झाली. जर्सी खुर्चीच्या पाठीवर टाकून तिने वरणाला फोडणी द्यायला मिसळणाचा डबा उघडला. हळदीची वाटी निसटली ती थेट जर्सीच्या छातीवर. कोरडी हळद नुसती झटकायची असते, हे कुणी पद्मजाला शिकवायला नको. पण घाबरल्या हाताने तिने ओलं फडकं फिरवलं. धावून आलेल्या पियूषने वर भांड्यांचा साबण चोळला आणि डाग लालभडक झाला.

"अरे, हळदीला साबण लावतात का कधी!"

"मला काय माहीत? थांब, यूट्यूबवर बघतो."

"बघ, आता बघ!"

हळदीच्या डागाला औषध एकच, कडक ऊन. आणि ते मागायचं कुणाकडे, तर आयर्लंडकडे! आडातच नाही तर पोहऱ्यात कुठून येणार? पद्मजा जर्सी घेऊन या खिडकीतून त्या खिडकीत फिरत राहिली. ढग हटला की अंगणात धावायची, थेंब पडला की आत. तिला घास गिळवेना. माझ्या आईची साडी कुणी अशी नासवली असती, तर मी त्याला दारात तरी उभं केलं असतं का? हा विचार पाठ सोडेना. लाल डाग हळूहळू उतरला, मातकट झाला आणि तिथेच अडून बसला.

"सांगून टाकते मी नोराबाईंना," ती म्हणाली.

"वेडी आहेस का? कुणाला कळणार पण नाही. इट्ल बी ग्रँड!" ‘होईल सगळं झकास’ म्हणायचं, आयर्लंडमध्ये येऊन पियूष एवढंच शिकला होता.

शुक्रवारी कॉलेजचा माणूस जर्सी घेऊन गेला. डागाचं न सांगताच पद्मजाने ती त्याच्या हातात दिली, आणि मग तिला स्वतःचाच राग आला.

शनिवारी हॉल भरला होता. इतिहासाचे सर काचेच्या पेटीपाशी उभे राहून रंगात आले होते. "आणि हे बघा, छातीवर! फायनलच्या मैदानातला चिखल, अजून जसाच्या तसा!"

लोक वाकून वाकून फोटो काढू लागले. आता गप्प बसणं म्हणजे शुद्ध खोटेपणा. गर्दीतून वाट काढत पद्मजा पुढच्या रांगेत बसलेल्या नोराबाईंपाशी गेली आणि त्यांच्या खुर्चीशी टेकली.

"मिसेस डिलेनी, तो चिखल नाही. हळद आहे. माझ्या हातून सांडली. मला माफ करा."

"चिखल नाही, ते ठाऊक आहे मला."

"कसं काय?"

"त्या जर्सीला चिखल कधी लागलाच नाही गं. बाबा राखीव खेळाडू होते. अख्खा सीझन बाकावर बसले, एका मिनिटासाठीसुद्धा त्यांना आत घेतलं नाही. पुढे गावात लोक विचारायचे, तू त्या टीममध्ये होतास ना, सांग की काहीतरी. बाबा विषय बदलायचे. मरेपर्यंत बदलत राहिले."

पद्मजाला रडू आलं. निदान सरांना तरी खरं सांगावं म्हणून ती उठू लागली, तोच बाईंनी तिचं मनगट घट्ट धरलं.

"बस खाली," त्या म्हणाल्या. "आज पहिल्यांदा खेळतायत बाबा."