फाइल समजून उघडलेली डिरेक्टरी

ऐंशी सालानंतरची गोष्ट. पिंपरीच्या आमच्या कारखान्यात नवा कॉम्प्युटर आला होता आणि कोबॉल या जुन्या संगणकभाषेतले प्रोग्रॅम मी सी भाषेत नव्याने लिहीत होतो. स्टोअरमधल्या मालाची त्या वर्षीची मोजणी आमच्या टायपिस्ट बाईंनी मशीनमध्ये भरली होती. बाई टेम्पररी होत्या. त्यांना कायम करायचं की नाही, हे स्टोअरच्या साहेबांच्या शेऱ्यावर ठरणार होतं.

एकूण नग पाहायला साहेब स्वतः आले. माझ्या प्रोग्रॅमने फाइलचं नाव विचारलं, त्यांनी ‘स्टॉक’ असं टाइप केलं. पडद्यावर नुसता कचरा उमटला, टर्मिनल पिपाणीसारखं वाजू लागलं आणि खाली बेरीज आली: शून्य.

“बाई, काय भरून ठेवलंय हे? परत स्टोअर बंद ठेवून मोजत बसू का मी?”

बाईंचा चेहरा उतरला. “ओळ न् ओळ ताडून पाहिलीय साहेब,” एवढंच त्या म्हणाल्या.

माझ्याच प्रोग्रॅमने फाइल बिघडवली असेल तर? मग त्या कचऱ्यात मला शब्द दिसले: बेअरिंग, गिअर, बोल्ट. ही तर बाईंच्या फाइलींची नावं. ‘स्टॉक’ ही फाइल नव्हतीच. ती डिरेक्टरी होती आणि विभागवार फाइली तिच्या आत होत्या. जुन्या मशीनवरचा कोबॉल असं नाव दिल्यावर उघडतानाच चूक दाखवून थांबला असता. इथे सीने डिरेक्टरी साध्या फाइलीसारखी मुकाट उघडून दिली आणि माझा प्रोग्रॅम आतली नावं माल समजून वाचत सुटला. लिहिण्यासाठी उघडायला गेलो असतो तर मशीनने नकार दिला असता. आम्ही तर नुसती वाचली होती. धक्का कशालाच लागला नव्हता.

हे मी साहेबांना समजावून सांगितलं.

“मग मेल्यानं तसं सांगायचं ना,” बाई मशीनकडे बघत म्हणाल्या.

साहेबांना हसू आलं. आम्ही एकेक फाइल प्रोग्रॅमला दिली, आकडे नीट येऊ लागले. साहेबांनी चहा मागवला आणि बाईंपुढे कप सरकवला.

“आधी बेरीज जुळू द्या, साहेब.”

ती मोजणीच्या कागदांशी जुळली, एका नगाचाही फरक नाही. बाईंनी गार झालेला चहा घेतला आणि साहेबांनी तिथेच बसून शेरा लिहिला. मी प्रोग्रॅममध्ये दोन ओळी वाढवल्या: उघडण्याआधी ही डिरेक्टरी तर नाही ना, हे पाहायचं.