शिंप्यानं केलेली घोकंपट्टी

...आणि तोंडात टाचण्या धरूनच तो ‘गूटन टाग’ म्हणाला. मी म्हटलं, अरे, आधी त्या काढ, नाहीतर विहीणबाईंच्या आधी डॉक्टरलाच नमस्कार करावा लागेल. आपल्या शिंप्याची गोष्ट सांगतोय, काल अर्धीच राहिली होती.

त्याची लेक जर्मन मुलाशी लग्न करून तिकडे गेली. लग्नात हा पठ्ठ्या, भाषा येत नाही म्हणून, विहिणीसमोर मूग गिळून बसला. त्या बाईनं मनात धरलं की नवरीच्या बापाला हे लग्न पसंत नाही. वर्ष झालं, तरी लेकीला सासू विचारतेच, वडील रागावलेत का.

आता रविवारी दुपारी विहीणबाई व्हिडिओ कॉलवर येणार होत्या. तेवढ्यासाठी लेकीनं धडे पाठवले. दोन-दोन मिनिटांचे व्हिडिओ. एक बाई दार उघडते, एक बाप्या टोपी काढतो, दोघं ख्यालीखुशाली विचारतात, संपलं. शिंपी माझ्याच शाळेतला, माझ्यामागून बारा वर्षांनी शिकलेला. आमच्याकडे पाठ करायचं म्हणजे पहिल्या अक्षरापासून शेवटच्या पूर्णविरामापर्यंत. मोबाईल शिलाई मशीनला टेकवून आठवडाभर त्यानं तेच केलं. चित्त थाऱ्यावर नाही. एका सदऱ्याचा खिसा आतून शिवला, उसवला, परत आतूनच शिवला. उठायचा, बसायचा, पाणी प्यायचा, परत उठायचा. बायको म्हणाली, मशीन बंद असलं तरी तुमचे पाय चालूच असतात.

रविवारी धीराला म्हणून मला बोलावलं. पडद्यावर विहीणबाई आल्या, शेजारी लेक. त्यांनी तोंड उघडायच्या आत आमचा गडी सुटला.

“गूटन टाग, वी गेट एस ईनन, डांके गूट, उंट ईनन, आउख गूट, आउफ वीडरझेएन.”

म्हणजे नमस्कार, कसं काय, मजेत, आपण कशा, मीही मजेत, बराय येतो. बाईचं आणि बाप्याचं, दोघांचं, एका दमात. निरोपसुद्धा घेऊन मोकळा.

विहीणबाई लेकीकडे वळल्या. मग लेकीच्या कानाशी काहीतरी पुटपुटल्या. लेकीचा चेहरा उतरला. ती म्हणाली, “बाबा, त्या विचारतायत, मला बोलूसुद्धा द्यायचं नाही, इतका राग आहे का अजून?”

शिंप्यानं गळ्यातल्या टेपनंच घाम पुसला.

“अगं, रागावलेला माणूस समोरच्याचंही पाठ करतो का? सांग त्यांना, त्यांचं मी म्हणून दाखवलं, आता माझं त्यांनी म्हणावं.”