घोड्यावरचा जज आणि माझी खुर्ची

लेकीनं व्हॉट्सॲपवर सिंगापूरचं तिकीट पाठवलं तेव्हा मी आधी नाहीच म्हणाले. गावच्या तंटामुक्ती समितीची मी अध्यक्ष, आणि महिन्याभरात आमच्याच घरचं प्रकरण समितीपुढे यायचं होतं. माझ्या धाकट्या जावेनं, मंदानं, शेजारच्या सखूबाईची शेतात जायची वाट काट्या टाकून बंद केलेली.

मंदाच म्हणाली, "ताई, बिनघोर जाऊन या. खुर्चीवर तुम्ही आहात, मला कसली काळजी?"

मलाही त्यात वावगं वाटलं नाही. घरच्या माणसाचं आपण नाही बघायचं तर कुणी? गेले.

मुंबईहून साडेपाच तास लागतात. स्वेटर हातात ठेवा, मी सामानात टाकला आणि कुडकुडत गेले. लेक हौगांगला राहते, अकराव्या मजल्यावर. खालच्या बाजारात भाजी ताजी मिळते, कढीपत्तासुद्धा मिळतो, तेव्हा घरून पोतं भरून नेऊ नका. जावई पाया लेबारला ऑफिसात जातात, लेकही कामाला, म्हणून मला फिरवायचं काम नातीकडे. राही अकरा वर्षांची आहे. एमआरटीत, म्हणजे तिथल्या मेट्रोत, मी शेंगदाण्याची पुडी सोडली तर तिनं हातातून काढून घेतली. "आजी, फाइन बसेल लाह." तिथं बोलताना शेवटी असं 'लाह' लावतात.

रविवारी आम्ही ईस्ट कोस्टला गेलो. समुद्राकाठी सावली आहे, बाकं आहेत, समोर जहाजं रांगेनं उभी असतात. राहीचं तोंड मात्र उतरलेलं. शाळेत चिठ्ठ्या टाकून प्रत्येकाला जुन्या काळचा एक माणूस दिला होता, त्याची गोष्ट वर्गापुढे सांगायची. हिला आला दीडशे वर्षांपूर्वीचा अमेरिकेतला वकील.

"सो बोरिंग, आजी."

"मला सांग. मला कळलं तर कुणालाही कळेल."

तिनं सांगितलं. मी निदान सातवीपर्यंत तरी गेले, हा माणूस दोनच हिवाळे शाळेत गेला. एका वकिलाच्या कचेरीत झाडलोट करायचा आणि त्याचीच पुस्तकं वाचायचा. तसाच वकील झाला. मग लोकांनी कायदे करायला निवडून दिला, मग जज झाला. खोगिराच्या पिशवीत पुस्तकं घालून घोड्यावरून गावोगाव जायचा आणि कोर्टाची इमारत नसेल तिथं खानावळीत टेबल मांडून न्याय करायचा. आमच्याकडे जीप असून साहेब येत नाहीत. मला तो माणूस फार आवडला.

"घोडं कोण बांधायचं?" मी विचारलं.

"आजी, ते लिहिलेलं नाही."

"मग वर्गात तेच आधी विचार. सगळी पोरं जागी होतील."

भूक लागली म्हणून जवळच्या हॉकर सेंटरला गेलो. तिथं हारीनं खाण्याचे गाळे आणि मध्ये टेबलं, पण जागा मिळेल तर शपथ. एक टेबल रिकामं दिसलं, वर टिश्यूचं पाकीट. मी त्यातलाच एक कागद काढून टेबल पुसलं आणि बसले. तेवढ्यात एक चिनी आजोबा हातात ताट घेऊन आले आणि नुसते उभे राहिले.

"आजी, ऊठ ना. त्यांनी चोप केलंय. पाकीट ठेवलं की जागा त्यांची."

"माणूस नाही, काही नाही, नुसत्या कागदाला एवढा मान?"

"सगळे ऐकतात, आजी."

उठले. आजोबांनी हसून मला अजून एक टिश्यू दिला. मला ओशाळल्यासारखं झालं, आणि तसं मला सहसा होत नाही.

दुसरं टेबल मिळालं. दोन डॉलरांत दोन प्राटे आले, मैद्याचे, डाळीच्या रश्श्याबरोबर. जरूर खा. खाता खाता राहीनं गोष्ट पुरी केली. एकदा त्या जजपुढं त्याच्या जिवलग मित्राचाच खटला आला. हा खुर्चीवरून उठला, शेजारच्या जिल्ह्यातला जज बोलावला आणि मित्र हरला. तो मित्र पुढं जन्मभर ह्याच्याशी बोलला नाही.

"मग ह्यानं मिळवलं काय?" मी जरा तावातच विचारलं.

राही प्राटा तोडत म्हणाली, "पण आजी, तो बसला असता तर समोरचा माणूस आधीच हरला असता ना?"

माझ्या डोळ्यांपुढं सखूबाई आली. वाट बंद झाल्यापासून गवताचा भारा डोक्यावर घेऊन ओढ्याकडून वळसा घालते ती.

राहीनं वर्गात घोड्यापासूनच सुरुवात केली. सगळे हसले आणि मग ऐकत बसले. चार दिवसांनी मी परत आले.

बैठक गावच्या शाळेत होती. मंदाचं नाव पुकारलं तशी मी उठले, उपाध्यक्षांना खुर्चीवर बसवलं आणि बायकांत सतरंजीवर जाऊन बसले.

"ताई, हे काय?" मंदा म्हणाली.

"मी तुझी जाऊ आहे. म्हणून."

वाट मोकळी झाली. सखूबाई आता रोज सकाळी माझ्या दारावरून शेतात जाते. माझे आभार मानत नाही. मानायचे कशाला, वाट तिचीच होती.

सिंगापूरला जाणार असाल तर जा. शिकलेली माणसं रस्ते आणि उंच इमारतींचं कौतुक लिहितात, तेही खरंच आहे. माझ्याबरोबर मात्र ते चिनी आजोबा आले आणि तो घोड्यावरचा जज आला. मंदा आमच्याशी बोलत नाही. तिच्या गुडघ्यासाठी तिथून बामची बाटली आणली होती, ती पाठवली तर परत आली. तिचा गुडघा दुखतो हे मला माहीत आहे. उद्या पुन्हा पाठवणार.