दत्ताचं 'कावून'

केजच्या बाजारात माझं कापडाचं दुकान. गिऱ्हाईक कमी असलं की कुणीतरी हमखास म्हणतं, "शेठ, तुमच्या त्या नटाचं सांगा ना!" सांगता सांगता किस्से साचत गेले. ऐकणारे पोट धरून हसतात. मलाच हल्ली हसू येत नाही.

नट म्हणजे दत्ता. अंबाजोगाईच्या कॉलेजात आम्ही बरोबर नाटकं केली. मी गल्ल्यावर बसलो, तो सिनेमात गेला. हवालदार, वकील, हिरोइनचा बाप, जन्मभर हेच. हौस मात्र एकच, पडद्यावर एकदा तरी आपल्या बोलीत बोलायचं.

*

पहिल्या सिनेमात हवालदार. वाक्य एकच, "का मारलंस त्याला?" आमच्याकडे 'का'ला 'कावून' म्हणतात. कॅमेरा सुरू झाला आणि दत्ता गरजला, "कावून मारलंस त्याला?"

अख्खं युनिट हसलं. डायरेक्टर म्हणाला, "वाक्य काढा. नुसती काठी आपटू दे!"

*

पुढे एक मोठा सीन मिळाला. आम्ही जीप भरून बीडच्या थिएटरात गेलो. पडद्यावर दत्तानं तोंड उघडलं आणि आवाज आला भलत्याच माणसाचा! त्याला न सांगताच डबिंग उरकलं होतं.

त्याची बायको, सुमनवहिनी, हळूच मला म्हणाल्या, "भावजी, ह्यांना सर्दी झालती का?"

दत्ता पुढच्या रांगेत मान खाली घालून बसला होता.

*

मग गडी इरेला पेटला. तोंडात पेन्सिल धरून रोज पेपर मोठ्यानं वाचायचा. 'न' आणि 'ण' घासून घासून लख्ख केले. कामं वाढली. एकदा नव्या नंबरवरून त्यानं घरी फोन लावला, "नमस्कार, मी दत्तात्रय बोलतोय."

"आमाला लोन-बिन न्हाई पायजे!" म्हणत वहिनींनी फोन आपटला.

हा किस्सा दत्ताच रंगवून सांगायचा.

*

आता आमच्या बोलीची फॅशन आलीय. परवा केजजवळच शूटिंग लागलं. घर सोडून गेलेला पोरगा परत येतो आणि दत्ता, म्हणजे त्याचा बाप, विचारतो, "कावून गेलतास रं?" सगळी उमर ज्याची वाट बघितली तेच वाक्य! मी दुकान बंद करून बघायला गेलो.

दत्ता बोलला. तरणा डायरेक्टर म्हणाला, "सर, सुंदर! पण जरा शहरी वाटतंय."

दत्ता परत बोलला. मग परत. शब्द तोच, पण जिभेवर पाहुण्यासारखा अवघडून यायचा. माझा जीव तुटायला लागला. न राहवून मी ओरडलो, "असं न्हाई बे! कावून गेलतास रं?"

डायरेक्टर गर्रकन वळला. "काका, डबिंगला याल?"

मला मेल्याहून मेल्यासारखं झालं. दत्ताकडे बघवेना. शूटिंग आटोपलं, कॅमेरा पेटीत गेला, लाइटवाले वायरी गुंडाळायला लागले. डायरेक्टर गाडीपाशी माझी वाट बघत उभा. मी जागचा हललो नाही.

दत्तानं माझ्या पाठीत धपाटा घातला.

"जा की बे! कावून थांबलास?"