खिडकीच्या बाजूचा ठिपका

हे मी आजवर कुणालाच सांगितलेलं नाही, बायकोलाही नाही. रोह्याच्या थिएटरात विलासच्या शेजारच्या खुर्चीवर मी होतो. विलास जाऊन पाच आठवडे झाले. निरोप आला तेव्हा मी गणपतीचे डोळे आखत होतो... हातातली मूर्ती पूर्ण केली, मगच उठलो.

पेणच्या एकाच कारखान्यात आम्ही पंचविशीत रंगकामाला होतो. अंगाला रंग कुणीही देई, डोळे मात्र विलासच आखायचा. सुट्टीच्या दिवशी सकाळच्या खेळाला आम्ही रोहा गाठायचो, कारण पेणला कुणीतरी ओळखीचं भेटणारच. युरोपातले, फक्त प्रौढांसाठीचे सिनेमे. सोंग करत नाही, उघडी अंगं बघायलाच जायचो. पण एकात बाई खिडकीशी नुसतीच बसून राहिली. लाल पडदा, उजेड एकाच बाजूनं, अर्धा चेहरा काळोखात. पब्लिक बोंबललं, "झोपला काय रे वर? पुढं ने!"

विलास म्हणाला, "ह्या माणसानं बाईपेक्षा भिंतीवर जास्त मेहनत घेतलीय."

"तू भिंत बघायला आलायस?"

"नाय रे, आलो बाईच बघायला. पण बघ ना, असल्या सिनेमावाल्याला कोण विचारतो? तरी एक चौकट आळसानं नाय लावली."

परतीच्या गाडीत निडी स्टेशन येईपर्यंत त्याच्या वहीत त्या दिवशीची एखादी चौकट उतरलेली असे. बाई, भिंत, उजेड कुठून आला ते. बुबुळातला पांढरा ठिपका आमच्याकडे मधोमध द्यायचे. विलासनं तो दोन्ही डोळ्यांत खिडकीच्या, म्हणजे उजेड येतो त्या बाजूला सरकवला, आणि मूर्ती बघायला लागली.

मग ती वही मालकांच्या, तात्यांच्या हाती लागली. देवाचे डोळे आखणाऱ्या हातानं उघड्या बायका! सगळ्यांसमोर त्यांनी विचारलं, "कोण कोण जातं रे हे बघायला?"

"मी नाय, तात्या," मी म्हणालो. "हा एकटाच जातो."

विलासनं माझ्याकडे पाहिलंसुद्धा नाही. "व्हय. एकटाच."

डोळ्यांचा ब्रश त्याच दिवशी माझ्याकडे आला. विलास दोन हंगाम अंगाचे रंग देत राहिला, मग डोलवीला ठेकेदाराकडे पायपांना रंग मारायला गेला. तिथंच आयुष्य काढलं. भेटला की विचारायचा, "ठिपका कुठं ठेवतोस?" मी म्हणायचो, "तिथंच." लोक माझ्या हातचे डोळे जिवंत म्हणतात. मी ऐकून घेतो... थकलोय ऐकून.

तेराव्याला विलासच्या बायकोनं, सुमनवहिनींनी, ती वही माझ्या हातात ठेवली. तात्यांनी भिरकावलेली, त्यानं उचलून जपलेली. "तुमच्याकडंच असू दे, भावोजी. पोरींना काय सांगू मी?" घरी येऊन उघडली. एका पानावर पडद्यासमोर दोन पाठमोरी डोकी आहेत. एकाचा डावा कान वाकडा. माझा आहे तसाच. तात्या तेव्हा बायकांच्याच पानांवर थांबले होते. विलासला मात्र हे पान ठाऊक होतं.

वही माझ्या रंगांच्या डब्यांपाशी आहे. तात्या आता फार थकलेत, तरी रोज सकाळी कारखान्यात येऊन बसतात. इथं लिहून टाकणं सोपं होतं. ते पान त्यांच्यापुढे धरून 'हा दुसरा मी, आणि हे डोळे विलासचे' एवढं सगळ्यांसमोर सांगणं अजून बाकी आहे.