गॅसचं बटण

गॅस बंद आहे हे मला नुसतं बघून पटत नाही. बोटांना कळावं लागतं. म्हणून ऑफिसला निघताना बटण थोडं चालू करायचं, मग बंद करायचं, असं अकरा वेळा. मध्येच कुणी हाक मारली की पुन्हा पहिल्यापासून. डॉक्टर म्हणाले, हा ओसीडी. गोळ्या दिल्या आणि पथ्य सांगितलं, की एकदा दार ओढलं की बघायला परत यायचं नाही, गॅस बंदच असतो. सांगायला काय जातंय त्यांचं! विश्रांतवाडीच्या बसस्टॉपपर्यंत तळहात घामानं ओले व्हायचे. घरात माझी म्हातारी आई एकटी. तिचं काही बरंवाईट झालं तर ते माझ्याच हातून होणार, ही भीती बारा वर्षं माझ्या मानगुटीवर बसली आहे.

आई तशी तिरकस. "झाली का पूजा? जा आता, बस काही तुझ्यासाठी थांबत नाही," एवढंच म्हणायची.

गेल्या उन्हाळ्यात एकदा बसमध्ये जीव इतका घाबरला, की खडकीला ऑफिसपर्यंत न जाता मध्येच उतरले. गेलं खड्ड्यात पथ्य! रिक्षा केली, माझ्याकडच्या किल्लीनं दार उघडलं. भर सकाळी घर चिडीचूप. पंखे बंद, खिडक्या सताड उघड्या. आई स्वयंपाकघरात ओट्यापाशी पदर नाकाला लावून उभी. सवयीनं मी दिव्याच्या बटणाकडे हात नेला.

"लावू नकोस," ती म्हणाली. आवाज अगदी रोजचा.

मग मला वास आला. मी तिथेच खाली बसले.

"आई गं! आज चालू राहिला?"

"आज? अगं, महिन्यातून दोनदा तरी राहतो. इतकं फिरवल्यावर राहणार नाही तर काय! तू गेलीस की मी आधी इथे येते."

"मग बोलली का नाहीस?"

"बोलले असते तर आणखी फिरवत बसली असतीस."

मला रडू फुटलं. आई खिडकीशी जाऊन बाहेर बघत राहिली.

"मागे मला सर्दी झाली होती ना," ती म्हणाली, "तेव्हा मात्र घाबरले. वासच येईना. बटण दहादा चाचपलं, तरी खात्री वाटेना. मग तू येईपर्यंत काही पेटवलंच नाही. देवापुढचा दिवासुद्धा नाही."