तिरडीपुढची चाल

आमच्या आमगावच्या बँडमध्ये धनीराम सनई वाजवतो. त्याच्या बापानं बांधलेली वरातीची चाल मुंबईच्या एका संगीतकारानं फोनमध्ये भरून नेली अन् सिनेमात स्वतःच्या नावानं खपवली. बाप त्याच वर्षी झुरून गेला.

पुढं तो निर्लज्ज पुन्हा आला. "वरातीची आणखी एखादी चाल आहे का?" धनीरामनं हसत हसत तिरडीपुढं वाजवायची चाल वाजवली. आम्ही सगळे तिथंच होतो; एकानंही तोंड उघडलं नाही.

गाणं देशभर गाजलं. काल टीव्हीवर तो संगीतकार आपल्या साठीच्या सोहळ्यात त्याच गाण्यावर नाचला. धनीरामनं शेवटपर्यंत पाहिलं अन् थेट आंघोळीला गेला.

"आता कायले आंघोळ करून राहिले?" बायको चमेलीनं विचारलं.

"मयतीहून आलो."